झुलीच्या पाठीवरची गोष्ट

रहमतखाला,

गोष्टीचा शेवट राखून ठेवायची खोड तुझी. ऐन रंगात आली की थांबायचं, सुपारी कातरायची आणि समोरच्याला तंगवायचं. आज ती खोड मी उचलणार आहे. हैदराबादच्या शोमध्ये काय झालं ते लगेच सांगणार नाही. आधी तू माझं सगळं ऐकून घेणार आहेस, आणि या वेळी मधेच "चल गं, कायबी बोलतीस" म्हणून फोन ठेवता येणार नाही तुला.

तू जाऊन एकवीस दिवस झाले. पोळा तोंडावर आलाय. लोह्यात अजून लोक तुझ्या दारात येऊन "खाला हायत का?" विचारतात, तुझी सून नसीम मान हलवते, आणि ते तसेच उभे राहतात. चाळीस वर्षं बैलांच्या झुली शिवणारी बाई अशी ऐन हंगामात निघून जाते, याला काय म्हणावं? तुला नेहमीच चुकीच्या वेळी उठून जायची सवय होती. आपलं भांडणही तू असंच अर्धवट टाकून गेलीस.

तुझ्याकडे मी पहिल्यांदा आले ती स्वार्थानं, हे कबूल. लातुरात फॅशन डिझाइन शिकून आलेली, नांदेडात बुटीक टाकलेली मी. पण त्या बुटीकमध्ये माझी स्वतःची म्हणावी अशी एक रेघ नव्हती. बायका मोबाइल पुढे करायच्या, "सेम असाच पाहिजे, फक्त गळा जरा वर घ्या," आणि मी सेम तसाच द्यायची. सहा वर्षं मी दुसऱ्यांच्या फोटोंवरून शिवत होते. मग हैदराबादच्या त्या शोसाठी डिझायनर मागवले गेले. विषय होता, आपल्या भागातली लोककथा कपड्यात आणा; नंबरही निघणार होते. मला एकदा बघायचं होतं, आपल्याला स्वतःचं म्हणून काही येतं का, की आपण नुसत्याच नक्कल करणाऱ्या. नाही जमलं तर बुटीकची पाटी उतरवायची, असं मी मनाशी ठरवलं होतं. हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं, तुला सोडून.

बाकीचे पऱ्या आणि जलपऱ्या आणणार हे दिसतच होतं. मला आठवली ती आमच्या बैलांच्या पाठीवरची तुझी झूल. लाल कापड, वर आरसे, कडेनं गोंडे. दर पोळ्याला आमच्या दादांनी ती बैलांवर चढवली की गाव वळून बघायचं. म्हणून बस पकडून आले आणि तुझ्यासमोर बसले.

"झूल शिवून देशील का?"

"कुनाच्या मापाची?"

"माणसाच्या."

तू चष्मा वर सारलास. "मानसाला झूल? कामून? नांगराला जुपायलीस का कुनाला?"

"बाईचा कोट आहे खाला. लांब, पायापर्यंत."

"मंग जुपलेलीच म्हन की," तू म्हणालीस आणि वितीनं मला मोजायला लागलीस. टेपला हात लावला नाहीस. खांद्यापासून शेपटीपर्यंत किती, असं मोठ्यानं मोजलंस. मी दचकले, तू काही दचकली नाहीस.

पहिला, नमुन्याचा कोट तयार झाला आणि मी अंगात घालून आरशासमोर उभी राहिले. मानेच्या खाली, पाठीवर, कापडाचा हा एवढा उंचवटा. मी ओरडलेच, "खाला, हे काय गं?"

"वशिंडाची जागा हाय ती."

"मला वशिंड आहे का?"

तू माझ्या पाठीकडे नीट निरखून पाहिलंस, म्हणजे असेलही कदाचित. मग तुझ्या ध्यानात आलं आणि तू अशी हसलीस की नसीम कणकेच्या हातांनी बाहेर आली. डोक्यानं बाई म्हटलं होतंस, पण हातानं बैलच बेतला होता. चाळीस वर्षांचा हात, तो कुठं ऐकतो. तू उसवायला बसलीस तेव्हा मीच तुझा हात धरला. त्या उंचवट्याची शिवण जरा सैल सोडली की त्याच्याखाली कापड चुण्याचुण्यांनी असं पडत होतं की चालताना पाठ हलते ते दिसावं. कॉलेजात शिकवलेल्या एकाही कटाला ती चाल नव्हती. मी म्हटलं, ही चूक राहू दे. तू फणकारलीस, "चूक कामून म्हनतीस? वशिंड म्हन."

शोचा खरा कोट बेतायच्या आधी तू अडून बसलीस. खांदेमळणी झाल्याशिवाय झूल चढवायची नाही म्हणे. पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलाच्या खांद्याला हळद-लोणी चोळतात, वर्षभर जू वाहिलेला खांदा तो, हे मलाही ठाऊक होतं. पण तुझ्या घरात कधी बैल नव्हता. पाच वेळा नमाज पढणारी तू, ज्याची झूल शिवलीस त्या प्रत्येक बैलाच्या खांद्याची मालकाला चौकशी करायचीस आणि जखम असेल तर झूल द्यायची नाहीस. आता तू वाटीत लोणी आणि हळद घेऊन माझ्या मागं येऊन बसलीस. मला वाटलं थट्टा चाललीय. पण तुझा अंगठा मानेच्या मुळाशी लागला, मशिनवर वाकून वाकून जिथं गाठ झाली होती नेमका तिथं, आणि मला रडू फुटलं. "नाव शीतल अन् डोस्कं कायम चुलीवर," तू म्हणालीस, "म्हनून गाठ होती." आणि चोळत राहिलीस. तेवढ्या एका गोष्टीसाठीसुद्धा मी तुझी जन्मभर ऋणी राहीन. माझा ब्लाउज पिवळा झाला तो अजून तसाच आहे.

तुझं काम करायचं तंत्र मला सुरुवातीला कळलंच नव्हतं. मला वाटायचं तू हात चालावा म्हणून गोष्ट सांगतेस. मग लक्षात आलं, तू गोष्टच शिवतेस. एक वाक्य, एक आरसा. डाव्या खांद्यावरून सुरू करून पाठभर फिरत उजव्या अंगाला खाली. मधेच कुणी आलं, चहा झाला, अजान झाली, तरी परत बसताना तू शेवटच्या आरशावर बोट ठेवायचीस आणि गोष्ट तिथूनच पुढे निघायची. झूल जेवढी लांब तेवढी गोष्ट. तोकड्या कापडाला गोष्ट पुरत नाही म्हणून तू एका गिऱ्हाइकाला परत पाठवलं होतंस.

आपल्या कोटाची गोष्ट तूच निवडलीस. एक पोर असते. तिची माय मेलेली, बापाचा एकुलता एक बैल, तोही मरतो. सावत्र माय तिला घराबाहेर काढते आणि अंगावर घालायला देते ती त्या मेलेल्या बैलाची झूल. पोर गावोगाव काम मागत फिरते. दारात उभी राहिली की लोक तिचं काळवंडलेलं तोंड बघतात आणि म्हणतात, पुढं जा. ती वळते. आणि ती चालू लागली की तिच्या पाठीवरच्या आरशांत त्यांना दिसायला लागतं, कुणाला आपलं हिरवं रान, कुणाला हरवलेली गाय, कुणाला मेलेली आई. मग सगळे मागं धावतात, थांब, वळ गं एकदा! राजासुद्धा धावतो. ती वळत नाही. तू इथं आल्यावर आवाज खाली आणायचीस: "ज्यानं तोंड बघून हाकललं, त्यानं पाठ बघून बोलवू न्हाई."

"मग ती कुठं जाते?" मी विचारलं होतं.

"जाती तिच्या कामाला."

"राजाशी लग्न नाही?"

"तुला बरी लग्नाची घाई. स्वतः केलं न्हाईस ते."

आता येते भांडणावर. कोटाची पाठ अशी झाली की मी दिवसातून दहा वेळा बघायची. पण पुढा कोरा. साधं लाल कापड, एक आरसा नाही, एक गोंडा नाही. बैलाला मागून चालणारा बघतो, नांगर धरणारा, गाडीवाला. म्हणून झुलीचं सगळं काम पाठीला आणि बाजूला. तेच तू इथं केलंस. मी फोटो पाठवले आणि शो घेणाऱ्या मॅडमचा फोन आला. पाठ छान आहे, पण फोटो समोरून निघतात, बघणारे समोर बसतात. पुढ्याला आरसे लावा, नाहीतर सर्वांत शेवटी जो मानाचा क्रम दिलाय तो काढून घ्यावा लागेल.

मी तुला फोनवर म्हटलं, चारच आरसे लाव. फक्त चार.

"बैलाच्या छातीला कोन आरसे लावतंय?"

"खाला, बाई म्हणजे बैल नाही!"

"हाव, न्हाई," तू म्हणालीस. "बैलाची पाठ वरसातून एक दिस तरी लोक बघतेत अन् ढोल वाजवतेत. बाईची कोन बघतंय?"

मी चिडून काहीतरी बोलले. तुला जुनं तेच कळतं, नवीन काही शिकायचंच नाही, असं काहीतरी. तू फोन ठेवलास. ते आपलं शेवटचं बोलणं.

दोन दिवसांनी मी अस्तराचं कापड आणायला लातूरला निघाले. बस लोह्याच्या स्टँडवर दहा मिनिटं उभी होती. स्टँडवरून तुझं घर चालत पाच मिनिटांवर. मी खिडकीत बसून राहिले, उतरले नाही. म्हटलं, येताना बघू, तोवर म्हातारी जरा नरम पडेल. लातुरात दुकानात कापड हातात धरलेलं असताना नसीमचा फोन आला. तुझ्या छातीत दुखलं म्हणाली, तू पाणी मागितलंस, आणि झालं. मी पोचले तेव्हा पुरुष तुला घेऊन गेले होते. घरात बायका बसल्या होत्या. मी भिंतीला टेकून बसले. माझ्या पिशवीत अस्तर होतं, ते कुणाला दाखवायचं, हा एकच मूर्ख विचार माझ्या डोक्यात फिरत होता. खाला, मी उतरायला पाहिजे होतं. याला दुसरं काही उत्तर नाही, माफी मागते.

तिसऱ्या दिवशी नसीमनं कोट आणून दिला, घडी घालून. वर तुझा पानाचा डबा. ही तुझी सून, तुला माहीतच आहे, दिवसाला चार वाक्यं बोलणारी. तुझे डोळे अधू झाल्यापासून सुईत दोरा ओवून देणं एवढंच तिचं काम. तिनं डबा उघडला. आत चार आरसे आणि दोरा ओवलेल्या चार सुया.

"अम्मीनं ओवायला लावल्या," ती म्हणाली. "म्हनल्या, शीतल आली की दे. लावायचे तर तुझ्या हातानं लाव म्हनावं. मी न्हाई लावनार."

म्हणजे हट्ट सोडलाही नाहीस आणि वाट अडवलीही नाहीस. मी तिथंच हसले आणि नसीमला वाटलं माझं डोकं फिरलं.

आता ऐक, हैदराबाद. ग्रीनरूममध्ये मॅडम तीनदा येऊन गेल्या. आरसे? लावतेय म्हटलं. सुई हातात घेतली. खोटं कशाला सांगू, एक टाका घातलासुद्धा. छातीच्या डाव्या बाजूला, चांगला पक्का. मग आरसा पाठीच्या ओळीशी जुळतोय का ते बघायला कोट उलटा करून पाठ समोर धरली, आणि सवयीनं पहिल्या आरशावर बोट ठेवलं. एक पोर असते. पुढचा आरसा. माय मेलेली. बोट फिरत गेलं आणि मी दारापाशी येऊन थांबले, जिथं लोक तिला पुढं जा म्हणतात. तिथं मला कळलं, खाला. इतके दिवस तू बैलाच्या नावावर जे सांगत होतीस ते तिथं कळलं. पुढा चमकला तर तिला दारातून कोण हाकलणार? आणि हाकललंच नाही तर गोष्ट कुठली? कोरं तोंड हेच गोष्टीचं पहिलं वाक्य होतं आणि मी ते खोडायला निघाले होते.

टाका ओढून काढला. मॅडमना जाऊन सांगितलं, पुढा असाच राहणार. चालत नसेल तर मी कोट परत लोह्याला नेते. आवाज तुझा निघाला. त्यांनी कपाळाला आठ्या घातल्या आणि शेवटचा क्रम काढून घेतला. आम्हाला मधे टाकलं, दोन जलपऱ्यांच्या मधे.

कोट घालणारी मुलगी हैदराबादचीच होती, उंच, गंभीर. मी पर्समधून डबी काढली, तूप आणि हळद. मेकअपवाली बाई किंचाळली, डाग पडेल म्हणून. मुलगी मला म्हणाली, "क्या है आपा ये?" मी सांगितलं, खांदा मळतात, झूल चढायच्या आधी. तिनं डोळे मिटले. "और थोड़ा करो आपा, अच्छा लग रा." मळता मळता मी तिला सगळी गोष्ट सांगितली, तू सांगायचीस तशी. शेवटी एवढंच म्हटलं, जाताना वळायचं नाही. कुणीही बोलावलं तरी.

ती बाहेर गेली. मी पडद्याच्या फटीतून बघत होते. समोरून ती आली आणि हॉलमध्ये काहीही झालं नाही. लाल कोट, कोरा, बस. पहिल्या रांगेतली एक बाई मोबाइल बघत होती. रॅम्पच्या टोकाला फोटोवाले उभे होते, त्यातल्या अर्ध्यांनी कॅमेरा उचललाही नाही. मी मनातल्या मनात तुला शिव्या दिल्या, खऱ्या, लोह्याच्या. मुलगी टोकाला थांबली. आणि वळली.

खाला, दिवे तुझ्या आरशांवर पडले आणि सगळ्या हॉलभर उजेडाचे तुकडे धावले. छतावर, भिंतींवर, लोकांच्या तोंडांवर. ती चालायला लागली आणि वशिंडाखालच्या चुण्या हलायला लागल्या. ती मोबाइलवाली बाई उठून उभी राहिली. तिला त्यात काय दिसलं, तिचं तिला ठाऊक. टाळ्या सुरू झाल्या त्या पाठीला. आणि फोटोवाले, तेच फोटोवाले, ओरडायला लागले, "मॅडम, पलटो! एक बार पलटो!" त्यांना काय माहीत ते कुठल्या गोष्टीत उभे आहेत. मी पडद्याची कड घट्ट धरून ठेवली. वळू नको, वळू नको. ती नाही वळली! मान ताठ, पावलं संथ, ती सरळ आत आली आणि माझ्या गळ्यात पडून हसायला लागली. बाहेर टाळ्या थांबत नव्हत्या. पुढची जलपरी बिचारी पडद्यामागे ताटकळत उभी होती.

पहिला नंबर आपला. निवडणाऱ्यांमधल्या एका वयस्कर बाईंनी मला जवळ बोलावून कोटाच्या पाठीवर बोट ठेवलं, या कटाला काय म्हणतात? मी म्हटलं, वशिंड. त्यांनी वहीत लिहून घेतलं, आणि मला दोनदा म्हणायला लावलं. मग माइक दिला. त्यांनी माझं नाव पुकारलं होतं. मी सांगितलं, कोट रहमतबीचा आहे, लोह्याच्या. गोष्टही तिची. पुढा कोरा ठेवायचा हट्टही तिचाच, आणि तो हट्ट मोडायला मी टाका घातला होता, हेही सांगून टाकलं. लोक हसले. मला रडू आलं नाही. इतका आनंद मला माझ्या जिंकण्याचा कधी झाला नव्हता जितका त्या दिवशी तुझ्याकडून हरल्याचा झाला.

पाटी उतरवायची नाही. बुटीक चालू आहे. आता बायका मोबाइल पुढे करतात त्यात तुझ्या कोटाची पाठ असते, आणि म्हणतात, सेम असाच. मी म्हणते, सेम नाही मिळणार, तुमची गोष्ट सांगा.

एक शेवटचं. परवा मी नसीमकडे गेले होते, मलाही सुया ओवून देशील का विचारायला. एका मुलीच्या लग्नातला कोट आहे, तिच्या गोष्टीत नदी आहे, म्हणून मी निळं कापड नेलं होतं. नसीमनं ते जमिनीवर पसरलं, हातानं दोनदा चाचपलं आणि म्हणाली, "न्हाई."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. "न्हाई म्हणजे?"

"नदीचं कापड निळं न्हाई घ्यायचं. गोदावरी कधी निळी बघितलीस का तू? मातीचा रंग घे. पानी आरशात दिसंल." आणि वर म्हणते कशी, "तुला कॉलेजात हे शिकवलं न्हाई वाटतं."

इतकी वर्षं चार वाक्यं बोलणारी ती! मी कंबर कसून वाद घातला. निळंच पाहिजे, मुलीनं निळंच मागितलंय, लग्नात मातकट कोण घालतं. ती ऐकेना. तासभर आम्ही भांडलो, शेजारीण बघायला आली. शेवटी मी दमले, निळ्या कापडाची घडी पिशवीत कोंबली आणि कात्री तिच्या हातात दिली.